खडूचे वर्तुळ आणि कॅमेरा : मुलाच्या निवाड्याचा प्रसंग छोट्या पडद्यासाठी कसा चित्रित करावा?

प्रश्न : मृद्गंध (स्टुटगार्ट)

नमस्कार. जर्मन नाटककार बेर्टोल्ट ब्रेख्त यांचे 'कॉकेशियन चॉक सर्कल' हे नाटक आम्ही येथील हौशी मराठी कलाकार करीत आहोत. संहिता चिं. त्र्यं. खानोलकरांच्या 'अजब न्याय वर्तुळाचा' या रूपांतराची आहे. १९७० च्या दशकात विजयाबाई मेहता आणि वायमारचे दिग्दर्शक फ्रित्झ बेनेविट्झ यांनी मिळून हे रूपांतर मराठी रंगभूमीवर आणले होते. आमचे दोन प्रयोग झाले आणि आता येथील एका स्थानिक वाहिनीने दीड तासाचे चित्रण दाखवण्याची तयारी दर्शवली आहे. दिग्दर्शनाची जबाबदारी माझ्याकडे आहे, म्हणून जाणकारांचा सल्ला हवा आहे. येथे सोयीसाठी मी मूळ नाटकातील नावेच वापरते.

ज्यांनी नाटक पाहिले नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. जॉर्जियात ईस्टरच्या रविवारी बंड होते आणि सुभेदाराचा शिरच्छेद होतो. त्याची पत्नी नातेला पळून जाताना कोणते कपडे सोबत घ्यावेत या विचारात इतकी गुंतते की तान्हा मिखाएल मागेच राहतो. स्वयंपाकघरातील मोलकरीण ग्रुशा त्याला उचलते, डोंगर ओलांडते, त्याच्यासाठी नको असलेले लग्न करते आणि त्याला वाढवते. पुढे राज्य पालटते, नातेला परत येते आणि मुलावर हक्क सांगते. न्यायासनावर अझदाक असतो. तो गावचा कारकून, गोंधळाच्या काळात शिपायांनी गंमत म्हणून न्यायाधीश केलेला. तो जमिनीवर खडूने वर्तुळ काढायला लावतो, मुलाला मध्ये उभे करतो आणि दोघींना त्याचा एकेक हात धरून ओढायला सांगतो. ग्रुशा हात सोडते, आणि अझदाक मूल तिलाच देतो.

माझी अडचण या शेवटच्या प्रसंगात आहे. रंगमंचावर तो आपोआप उभा राहत होता, कारण प्रेक्षकाला दोन्ही बायका, मूल, वर्तुळ आणि न्यायाधीश हे सारे एकाच वेळी दिसत होते. कॅमेऱ्यापुढे तालीम घेतली तेव्हा माझ्याकडून नकळत ग्रुशाच्या चेहऱ्यावरच जास्त वेळ गेला. चित्रण पाहिल्यावर जाणवले की निकाल अझदाकने दिलाच नाही, माझ्या कॅमेऱ्याने तो आधीच देऊन टाकला होता.

दुसरी गोष्ट सांगायला थोडा संकोच वाटतो. नातेलाची भूमिका करणारी आमची मैत्रीण दोन मुलांची आई आहे. तालमीत आमच्याच एका सभासदाचा अडीच वर्षांचा मुलगा वर्तुळात उभा होता. मी 'ओढा' म्हटले आणि चारही वेळा तिचाच हात आधी सैल झाला. पाचव्या वेळी ती खाली बसली आणि म्हणाली, "जिने याला पोटात वाढवला ती इतक्या जोराने ओढेल, हे मला पटतच नाही." तिची समजूत कशी घालावी हे मला अजून कळलेले नाही. ती भूमिकेपासून पळते आहे, की या प्रसंगातील एखादी खरी उणीव तिच्या हाताला जाणवली आहे?

तिसरा प्रश्न व्यवहाराचा आहे. वेळ कमी असल्यामुळे मूळ नाटकातील प्रस्तावनेचा प्रवेश, म्हणजे दोन सामुदायिक शेतसंस्थांमधील खोऱ्याचा वाद, गाळावा असे काहीजण म्हणतात. तो गाळावा का?

---

उत्तर १ : रंगपीठ (पुणे)

मृद्गंधताई, आपण जे पाहिलेत ते अगदी बरोबर पाहिलेत. मी तीस वर्षे नाटकाच्या प्रकाशयोजनेत आणि पुढे नाटकांच्या चित्रणात घालवली आहेत. रंगमंचावरचे नाटक पडद्यावर नेताना प्रेक्षकाकडून एक गोष्ट नक्की काढून घेतली जाते, आणि ती म्हणजे कुठे पाहायचे हे स्वतः ठरवण्याची मोकळीक. बहुतेक नाटकांत याने फारसे बिघडत नाही. या नाटकात मात्र बिघडते, कारण हे नाटकच मुळी निवाडा करण्याविषयीचे आहे.

नाटक पडद्यावर नेणे ही नवी गोष्ट नाही. पश्चिम जर्मनीत १९५८ मध्येच फ्रान्झ पेटर विर्थ यांनी ते दूरचित्रवाणीसाठी केले होते. केटे राइशल त्यात ग्रुशा होत्या. त्या मूळच्या ब्रेख्तच्याच बर्लिनच्या संचातील. मराठीतही नाटके छोट्या पडद्यावर आणण्याची परंपरा आहे. विजयाबाईंनी स्वतः महेश एलकुंचवारांच्या 'वाडा चिरेबंदी'वरून 'हवेली बुलंद थी' केले. म्हणजे अडचण माध्यमात नाही, ते कसे वापरायचे यात आहे.

१९५४ साली बर्लिनर आँसांब्ल या ब्रेख्तच्याच नाट्यसंस्थेने हे नाटक केले तेव्हा ब्रेख्तने नातेला, सुभेदार आणि त्यांच्या वर्तुळातील माणसांना मुखवटे दिले होते. नातेलाच्या भूमिकेत ब्रेख्तची पत्नी हेलेने वायगल होत्या. इतक्या समर्थ अभिनेत्रीचा चेहरा झाकण्यामागे कारण असणार. मला ते असे दिसते की त्यांना नातेलाचे मन दाखवायचे नव्हते, तिची जागा दाखवायची होती. सत्तेच्या त्या जागेवर बसलेल्या बाईला मूल म्हणजे वारसा दिसतो. तुमच्या मैत्रिणीची अडचण येथे सुटू शकेल. तिला आईपण विसरायला सांगू नका. तिला वकिलांचा प्रवेश पुन्हा वाचायला द्या. नातेलाचे दोन वकील रक्ताच्या नात्यावर मोठी भाषणे करतात आणि बोलता बोलता त्यांतील एकाच्या तोंडून निघून जाते की सुभेदाराच्या इस्टेटीचे उत्पन्न त्या मुलाशी बांधलेले आहे, मूल हाती आल्याशिवाय तिला एक पैही मिळत नाही. ओढण्याचे बळ तिथून येते. तुमची मैत्रीण पोटच्या मुलाला ओढायला जाते म्हणून तिचा हात सुटतो. नातेला वाड्याची किल्ली ओढते आहे.

आता कॅमेऱ्याविषयी. माझे मत असे की वर्तुळाच्या प्रसंगात, निकाल लागेपर्यंत, एकाही चेहऱ्याचे समीपदृश्य (क्लोज-अप) घेऊ नका. कॅमेरा एका जागी आणि थोडा उंचावर ठेवा, जेणेकरून वर्तुळ पूर्ण दिसेल आणि दोन्ही बायका पायापासून डोक्यापर्यंत चौकटीत राहतील. पहिल्यांदा ओढणे, ग्रुशाचे सोडणे, अझदाकने खात्री करण्यासाठी पुन्हा ओढायला सांगणे, तिने पुन्हा सोडणे, हे सगळे न कापता एका सलग दृश्यात घ्या. पडदा छोटा आहे म्हणून दिग्दर्शक घाबरतात आणि चेहऱ्याकडे धावतात. पण ही मुद्राभिनयाची जागा नव्हे. येथे सारे काही शरीराच्या ताणात आहे, टाचा कशा रोवल्या जातात, खांदा कसा पुढे जातो, धरलेले मनगट कसे सुटते, यात आहे.

समीपदृश्य घ्यायचेच असेल तर त्याची जागा ब्रेख्तनेच दाखवून ठेवली आहे. वर्तुळाच्या आधी अझदाक ग्रुशाला विचारतो की तुझे मुलावर प्रेम आहे तर त्याने श्रीमंत व्हावे असे तुला वाटत नाही का. वाड्यात राहील, नोकरचाकर असतील, दारात सैन्य असेल. ग्रुशा उत्तर देत नाही. तिच्या मनात काय आले ते नाटकाचा निवेदक असलेला गायक गाऊन सांगतो. सोन्याचे जोडे घालून हे पोर चालू लागले तर दुबळ्यांना तुडवील, असा त्या गाण्याचा आशय आहे. ती गप्प आहे आणि तिचे शब्द दुसऱ्याच्या गळ्यातून येत आहेत, तेव्हा तिचा चेहरा जवळून दाखवा. प्रेक्षक तेव्हा भावनेत वाहून जाणार नाही, कारण आवाज तिचा नाही हे त्याला ऐकू येत राहील. शक्य झाले तर गायकालाही चौकटीच्या एका कडेला दिसू द्या.

प्रस्तावनेविषयी माझा आग्रह नाही. बऱ्याच प्रयोगांत ती गाळली जाते.

---

उत्तर २ : निळावंती (नागपूर)

मी बालरुग्ण विभागात परिचारिका म्हणून बावीस वर्षे काम केले. नाटकातले मला फार कळत नाही, पण तालमीत अडीच वर्षांच्या मुलाला दोन्ही बाजूंनी ओढले हे वाचून राहवले नाही, म्हणून लिहिते आहे.

एक ते चार वर्षांच्या मुलाचा कोपराचा सांधा अगदी नाजूक असतो. कोपराजवळ हाडाभोवती जी पट्टी असते ती या वयात सैल असते. एका हाताला जोराचा हिसका बसला की हाड त्या पट्टीतून किंचित सरकते. मूल पडलेले नसते आणि हाताला सूजही दिसत नाही. पण ते हात हलवत नाही, अंगाशी लटकता ठेवते आणि कोणी हात लावला की रडते. रस्ता ओलांडताना ओढलेले, जिन्यावर एका हाताने उचललेले, खेळता खेळता हात धरून गोल फिरवलेले मूल आमच्याकडे नेहमी येत असे. डॉक्टर ते बहुधा एका हलक्या हालचालीने बसवतात आणि थोड्या वेळात मूल त्याच हाताने बिस्किट घेते. तरी ती वेळ यायला नको. कृपया चित्रणासाठी खरे ओढू नका. हात मनगटाशी न धरता दोघींनी मुलाच्या काखेजवळ, दंडाला आधार देऊन धरावे आणि ताण स्वतःच्या पायांत आणि पाठीत दाखवावा. सहा-सात वर्षांचे मूल घेता आले तर अधिकच चांगले. आणि तोच प्रसंग पुन्हा पुन्हा घेऊ नका. मुलाला नाटक समजत नाही, ओढणे समजते.

हे लिहिताना एक गोष्ट मनात आली. हात निखळलेले मूल घेऊन धावत येणारे कितीदा वडील, मामा, काका किंवा पाहुणे असत, ज्यांना सवय नसे. ज्या बाईच्या अंगाखांद्यावर ते मूल रोज असते, तिला सदऱ्याच्या बाहीत त्याचा हात घालताना तो किती वळतो आणि कुठे अडतो हे न पाहता कळते. ग्रुशाने हजार वेळा त्याचा हात बाहीत घातला असेल. नातेलाने एकदाही घातला नसेल, कारण तिच्या वाड्यात ते काम दायांचे होते. ग्रुशा हात सोडते ते केवळ मन मऊ आहे म्हणून नव्हे. या हाताला किती ओढ सोसते हे त्या अंगणात फक्त तिलाच माहीत आहे.

तुमच्या मैत्रिणीच्या हातालाही ते माहीत आहे. तिला रागावू नका.

---

उत्तर ३ : पाणलोट (सातारा)

मी या नाटकाचा चाहता आहे, तरीही थोडा वेगळा सूर लावतो. रंगपीठ सरांनी प्रस्तावना एका वाक्यात सोडून दिली. माझ्या मते सारा पेच तिच्यातच आहे.

प्रस्तावनेत युद्धानंतर दोन शेतसंस्था एका खोऱ्यासाठी भांडत आहेत. शेळ्या पाळणारे लोक त्या खोऱ्याचे पूर्वापार रहिवासी. शत्रू आला तेव्हा ते शेळ्या घेऊन दूर गेले आणि आता परत येऊ पाहतात. शेजारची फळबागांची संस्था म्हणते की आम्ही या खोऱ्यासाठी पाण्याची योजना आखली आहे, बांध घातला तर उजाड जमीन भिजेल. शेवटी खोरे बागाईतदारांना मिळते. मुलाची गोष्ट त्यानंतर सुरू होते, आणि नाटकाच्या शेवटी गायक दोन्ही निकाल एकत्र बांधतो. जे जे आहे ते त्याचे भले करणाऱ्यांचे असावे, मुले मायाळू माणसांची, खोरे पाणी देणाऱ्यांचे.

मी धरणग्रस्त कुटुंबातला आहे. आमचे गाव सह्याद्रीतल्या एका धरणाच्या पाण्याखाली आहे. मोठ्या दुष्काळात पाणी खाली गेले की देवळाचा चौथरा दिसतो. माझी आजी तेथे जाऊन हळदकुंकू वाहून येत असे. 'खोरे पाणी देणाऱ्यांचे' हे वाक्य मी पहिल्यांदा ऐकले तेव्हा प्रेक्षागृहात टाळ्या पडल्या, आणि मला टाळी वाजवता आली नाही. आमच्याकडूनही हेच सांगून जमीन घेतली होती की पाणी मिळेल, वीज मिळेल, अनेकांचे भले होईल. भले झालेही, पण ते दुसरीकडे. महाराष्ट्राने प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा कायदा केला तो १९७६ मध्ये, आमचे गाव बुडाल्यानंतर कितीतरी वर्षांनी.

मुलांच्या बाबतीतही हेच. 'चांगले सांभाळतील त्यांचे मूल' हे तत्त्व ग्रुशाच्या हातात असते तेव्हा सुंदर दिसते, कारण ती गरीब आहे आणि समोर सत्ता आहे. पण तेच तत्त्व सत्तेच्या हातात गेले की काय होते? ऑस्ट्रेलियात विसाव्या शतकात कित्येक दशके आदिवासी आयांची मुले याच नावाखाली काढून घेतली गेली. या मुलांचे भले आम्हीच करू शकतो, असे घेणाऱ्यांना मनापासून वाटत होते. २००८ मध्ये तेथील पंतप्रधानांनी संसदेत त्याबद्दल माफी मागितली. म्हणून मृद्गंधताई, तुमच्या मैत्रिणीचा आक्षेप मला वरवरचा वाटत नाही.

असे असूनही मी प्रस्तावना ठेवा असेच म्हणेन, आणि म्हणेन ते एका बारीक तपशिलासाठी. त्या प्रवेशात खोरे हिसकावले जात नाही. दोन्हीकडची माणसे समोरासमोर बसतात. शेळ्या पाळणारा म्हातारा आपल्या खोऱ्याच्या गवताविषयी, तिकडच्या चिजाच्या चवीविषयी बोलतो आणि सगळे ऐकून घेतात. नकाशा उलगडला जातो. शेवटी शेळ्यावाले स्वतः मान्य करतात आणि मग सगळे मिळून नाटक पाहायला बसतात. आमच्या आजोबांपुढे असा नकाशा कोणी उलगडला नाही. तो म्हातारा जेव्हा चिजाच्या चवीविषयी बोलतो तेव्हा कॅमेरा त्याच्यावर राहू द्या. दोन मिनिटे जातील, पण पुढच्या सगळ्या न्यायाचा पाया त्या दोन मिनिटांत आहे. तो प्रवेश काढला तर उरते फक्त चांगल्या मोलकरणीची गोष्ट, आणि 'भले करणाऱ्यांचे' हे वाक्य कोणाच्याही हाती लागेल असे मोकळे सुटते.

---

उत्तर ४ : पोथीवाचक (इंदूर)

पाणलोट यांच्या लिखाणाने अस्वस्थ केले. त्यांच्या मुद्द्याला धरूनच थोडे जुने संदर्भ मांडतो.

वर्तुळाची कल्पना ब्रेख्तची नाही. चीनमध्ये युआन राजवटीच्या काळातील एका नाटकात न्यायाधीश बाओ असेच वर्तुळ काढायला लावतात. तेथे हात सोडते ती खरी जन्मदात्री, आणि ओढते ती थोरली बायको, जिला वारसा हवा आहे. आपल्याकडे जातककथांत महोसध पंडिताची गोष्ट आहे. एक यक्षिणी मूल पळवते, पंडित जमिनीवर रेघ ओढतो, यक्षिणी मुलाचे हात धरते आणि आई पाय धरते. मूल रडू लागताच आई सोडते. बायबलातील शलमोन राजाचा निवाडाही त्याच जातीचा. या सर्व कथांत सोडणारी ही जन्माची आई असते. रक्त आणि माया एकाच बाजूला, त्यामुळे न्यायाधीशाचे काम फक्त खरी आई हुडकण्याचे. ब्रेख्तने ती गाठ सोडवली. त्याने रक्त एकीकडे आणि माया दुसरीकडे उभी केली, आणि न्यायाधीशाला हुडकण्याऐवजी निवड करायला लावली.

मराठी प्रेक्षकाला ही फारकत अनोळखी नाही. देवकी-यशोदा आपण लहानपणापासून ऐकतो. पण मला अधिक जवळचा वाटतो तो कर्ण. उद्योगपर्वात कृष्ण त्याला जन्माचे रहस्य सांगून पांडवांकडे ये म्हणतो, राज्य देऊ करतो. कर्ण जे उत्तर देतो त्यात तत्त्वज्ञान कमी आणि घरातील कामच अधिक आहे. तो म्हणतो की माझ्यावरील स्नेहाने राधेला पान्हा फुटला, तिने माझे मलमूत्र काढले, तिचे ऋण मी कसे नाकारू? निळावंतीताईंनी सांगितलेली सदऱ्याची बाही मला त्याच जागी दिसली.

आणि एक फरकही दिसतो. तेथे निवड कर्ण स्वतः करतो. ब्रेख्तच्या मिखाएलला कोणी विचारत नाही.

---

उत्तर ५ : सांजदिवा (कोल्हापूर)

पोथीवाचक यांनी शेवटी जे म्हटले त्यावरच बोलायचे आहे. मी कौटुंबिक न्यायालयात समुपदेशनाचे काम केले आहे. मुलाच्या ताब्याचे दावे जवळून पाहिले आहेत.

आपल्या कायद्यात अझदाकचे तत्त्व एका अर्थाने आधीपासूनच आहे. १९५६ च्या हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायद्याचे कलम १३ सांगते की पालक नेमताना अल्पवयीन मुलाचे हित हाच सर्वोच्च विचार असला पाहिजे. त्याही आधीच्या १८९० च्या पालक व पाल्य कायद्यात मुलाचे वय, त्याचे हित आणि मूल समजण्याइतके मोठे असेल तर त्याची पसंती यांचा विचार करण्यास न्यायालयाला सांगितले आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९७३ मध्ये रोझी जेकब खटल्यात स्पष्ट केले की मुले ही आईबापांची मालमत्ता नव्हेत आणि खेळणीही नव्हेत. अझदाक तर कायद्याचे जाडजूड पुस्तक आसनावर ठेवून त्यावर बसत असे. आमच्याकडे तसे करावे लागत नाही, पुस्तकातच ते लिहिले आहे.

लिहिलेले असूनही रोज वर्तुळ काढले जाते, आणि ते मी पाहिले आहे. एका दाव्यात आईच्या मृत्यूनंतर चार वर्षांच्या मुलीसाठी मावशी आणि वडिलांकडील आजी-आजोबा भांडत होते. तारखेच्या दिवशी व्हरांड्यात दोन्ही पक्ष समोरासमोरच्या बाकांवर बसत. मधली फरशी दहा-बारा फुटांची. मुलगी त्या फरशीवरून एका बाकाकडून दुसऱ्याकडे जाई, आणि तिकडून हाक आली की परत फिरे. तिच्या हातात एका बाजूने दिलेले चॉकलेट असे आणि दुसऱ्या बाजूने दिलेली बाहुली. तिने दोन्हींपैकी काहीच खाली ठेवले नाही. तिला कोणी हात लावत नव्हते, पण ती ओढली जात होती.

आमच्या कामात मुलाशी वेगळे बोलण्याची पद्धत आहे. न्यायाधीश आपल्या कक्षात, काळा कोट न घालता, मुलाशी दहा-पंधरा मिनिटे बोलतात. 'तुला कोणाकडे राहायचे आहे?' हा प्रश्न जाणता न्यायाधीश कधीच थेट विचारत नाही, कारण तो विचारणे म्हणजे मुलाच्याच हाती दोर देणे. शाळेत कोण सोडते, ताप आला तेव्हा कोण जवळ होते, रात्री जाग आली तर कोणाला हाक मारतोस, असे विचारतात. उत्तरे त्यातूनच येतात. त्या मुलीने 'केस कोण विंचरते?' या प्रश्नाला जे उत्तर दिले तेवढे पुरेसे झाले. ते कोणाच्या बाजूने होते हे मी येथे सांगणार नाही.

म्हणून मृद्गंधताईंना माझी विनंती अशी. तुम्ही दोन बायकांना चौकटीत कसे बसवायचे याचा विचार करता आहात. मुलाकडे कोण पाहते आहे? मिखाएल त्या प्रसंगात मध्ये उभा आहे, आणि नाटकात त्याला शब्द नाहीत. रंगमंचावर मागच्या रांगेतल्या प्रेक्षकाला मुलाचा चेहरा दिसत नाही. तुमच्या कॅमेऱ्याला तो दिसू शकतो. मुलाला ओढायला लागू नये हे निळावंतीताईंनी सांगितलेच आहे. ओढण्याच्या आधी, शिपाई शौवा खडूने त्याच्याभोवती रेघ ओढत फिरत असताना, मुलाच्या उंचीवरून ते दाखवता येईल. मोठ्या माणसांचे पाय, खडूचा आवाज आणि आपल्याभोवती काहीतरी बंद होते आहे हे पाहणारे पोर. कोणाच्याही बाजूने झुकत नाही असे एकच समीपदृश्य या प्रसंगात आहे, आणि ते त्याचे आहे.

नातेलाविषयी थोडे वेगळे मत आहे. किल्ली ओढणारी आई मी पाहिली आहे. पण किल्लीसाठी ओढणाऱ्याला आपण मुलासाठीच ओढतो आहोत असे मनापासून वाटत असते. न्यायालयात खोटे रडणारे फार थोडे असतात. तुमच्या मैत्रिणीने तसेच मनापासून ओढावे.

---

उत्तर ६ : मुद्रितशोधक (मुंबई)

एक व्यावहारिक सूचना करतो, कारण वाहिनीवर दाखवायचे आहे. ब्रेख्त १९५६ मध्ये वारले. जर्मनीत लेखकाच्या मृत्यूनंतर ७० वर्षे हक्क राहतात, म्हणजे २०२६ अखेरपर्यंत. भारतात ही मुदत ६० वर्षांची आहे, त्यामुळे येथे ती संपली. खानोलकरांचे निधन १९७६ मधले, म्हणून मराठी रूपांतराचे हक्क भारतात २०३६ अखेरपर्यंत आहेत. मूळ संगीत पॉल डेसाऊ यांचे, ते १९७९ मध्ये वारले, म्हणजे ते तर जर्मनीत बरीच वर्षे बंधनात आहे. रंगमंचाची परवानगी चित्रणाला आपोआप लागू होत नाही. प्रसारणाची परवानगी वेगळी आणि लेखी घ्या. चाली तुमच्या स्वतःच्या असतील तर एक प्रश्न कमी होईल.

---

मृद्गंध (स्टुटगार्ट)

सर्वांचे मनापासून आभार. गेले दोन दिवस ही उत्तरे आम्ही तालमीत मोठ्याने वाचली.

प्रथम निळावंतीताई, आपण लिहिले त्याच संध्याकाळी त्या लहान मुलाला आम्ही प्रसंगातून काढले. त्याचा कोपर सुखरूप आहे, पण चार वेळा त्याला वर्तुळात उभे केले याचे मला वाईट वाटते आहे. आता सात वर्षांची एक मुलगी मिखाएल करील आणि दोघी तिला काखेजवळ धरतील. परवानग्यांचे पत्र दोन्हीकडे धाडले आहे. चाली आमच्याच आहेत.

प्रस्तावना ठेवायचे ठरले. पाणलोट, आपला उतारा शेळ्या पाळणाऱ्या म्हाताऱ्याची भूमिका करणाऱ्या आमच्या काकांनी दोनदा वाचला. ते मूळचे सोलापूरकडचे, त्यांचे गाव बुडालेले नाही, पण वाचल्यावर त्यांनी चिजाचे वाक्य फार हळू म्हटले आणि पुढचा संवाद विसरून गप्प बसले. ती शांतता आम्ही तशीच ठेवणार आहोत. त्यासाठी ग्रुशाच्या लग्नाच्या मेजवानीतला बराच भाग कापावा लागेल.

वर्तुळाचा प्रसंग उंचावरून, सलग, न कापता घेऊ. त्याआधी शौवा खडू घेऊन फिरतो तेव्हा कॅमेरा मुलीच्या खांद्याच्या उंचीवर असेल.

माझ्या मैत्रिणीने सांजदिवा यांचे शेवटचे वाक्य वाचून वही मिटली आणि उभी राहिली. यावेळी तिने ओढले. ग्रुशाने हात सोडल्यावर मुलगी नातेलाच्या अंगावर आली तेव्हा तिने तिला पोटाशी घट्ट धरले, एका हाताने तिचा फ्रॉक खाली सारखा केला, आणि अझदाकने निकाल सांगितल्यावरही तो हात काढायला तिला वेळ लागला. संहितेत असे काही नाही. मी कॅमेरा चालूच ठेवला होता, आणि ते चित्रण ठेवावे की नाही हे अजून ठरलेले नाही. रंगपीठ सर, शनिवारी ते आपल्याला पाठवते.